डीएलएल सापडत नाही म्हणतोय, आणि तीन पत्रिका अडकल्यात

जुळारी | मंगळवार, रात्री १०:५२

नमस्कार मंडळी. एरवी मी वाचनमात्र असतो, आज गळ्याशी आलंय म्हणून धागा काढतोय.

बार्शीत आमचं छोटं प्रेस आहे. वडील खिळे जुळवायचे, मी डीटीपी करतो. गेल्या आठवड्यात जुना कॉम्प्युटर बसला. हार्ड डिस्क वाचली, बाकी सगळं भंगार. नवा घेतला, विंडोज ११. पत्रिका जुळवायचा आमचा जुना प्रोग्रॅम त्यावर घेतला, डबल क्लिक केलं, तर चौकट आली: कोड एक्झिक्यूशन पुढे जाऊ शकत नाही, कारण एमएसव्हीसीआर१००.डीएलएल सापडली नाही.

नेटवर ते नाव टाकलं. पहिल्याच साइटवर फाईल फुकट मिळाली आणि 'विंडोजमधल्या सिस्टम३२ फोल्डरमध्ये टाका' असंही लिहिलेलं होतं. गंमत बघा, तिथे त्याच नावाची फाईल आधीपासून होती! रिप्लेस करू का विचारलं, मी हो म्हणालो. पत्रिकेचा प्रोग्रॅम तरीही म्हणतोय 'सापडली नाही', आणि काल चांगला चाललेला स्कॅनरचा प्रोग्रॅम आता उघडत नाही. तो नवंच काही दाखवतो: ०एक्ससी०००००७बी.

मग त्याच साइटवरून ६४ बिटवाली फाईल घेतली आणि पत्रिकेच्या प्रोग्रॅमच्या फोल्डरमध्ये टाकली. आता तोही ०एक्ससी०००००७बी म्हणतोय. प्रगती म्हणायची का ही?

शेवटी कुणीतरी सांगितलं म्हणून एसएफसी स्कॅननाऊ, ती विंडोजची फाईल-तपासणीची कमांड, चालवलं. अर्धा तास खाऊन म्हणतं, काहीच बिघाड नाही.

तीन पत्रिका अडकल्यात. एक तर परवा द्यायचीय. कृपया लवकर सांगा.

---

हार्डवेअरवाला_लातूर | मंगळवार, रात्री ११:०५

फॉरमॅट मारा. नवीन मशीन आहे, डेटा नाहीच त्यावर. तासाभरात मोकळे.

---

सीपंत | मंगळवार, रात्री ११:२१

लातूरकर, फॉरमॅट मारून स्कॅनर सुरू होईल, पत्रिकेचा प्रोग्रॅम पुन्हा तिथेच येऊन थांबेल. विंडोज नवं कोरं असो की जुनं, ती फाईल विंडोजची नाहीच.

जुळारी, तुम्ही जे लिहिलंय त्यातच सगळं उत्तर आहे. 'त्याच नावाची फाईल आधीपासून होती, तरी सापडत नाही म्हणतो', हे वाक्य सोन्याचं आहे.

६४ बिट विंडोजमध्ये दोन कोठारं असतात. एकाचं नाव सिस्टम३२, दुसऱ्याचं सिसवॉव६४. नावावरून कुणालाही वाटेल की पहिल्यात ३२ बिटचा माल असेल आणि दुसऱ्यात ६४ बिटचा. बरोबर उलटं आहे. सिस्टम३२ मध्ये ६४ बिटच्या फायली असतात आणि सिसवॉव६४ मध्ये ३२ बिटच्या. जुन्या प्रोग्रॅमांच्या पोटात सिस्टम३२ हे नाव पक्कं लिहिलेलं होतं, म्हणून ६४ बिट आल्यावरही ते बदललं नाही. वॉव६४ म्हणजे ६४ बिट विंडोजवर ३२ बिट विंडोज चालवायची सोय. ३२ बिट प्रोग्रॅम सिस्टम३२ चं दार ठोठावतो, तेव्हा विंडोज त्याला गुपचूप सिसवॉव६४ मध्ये नेऊन सोडतं.

आता तुमची गोष्ट लावून बघा. पत्रिकेचा प्रोग्रॅम ३२ बिट आहे, तो सिसवॉव६४ मध्ये बघतोय आणि तिथे फाईल नाही. स्कॅनरचा ६४ बिट आहे. त्याची फाईल सिस्टम३२ मध्ये होती, तिच्यावर तुम्ही ३२ बिटची आणून ठेवली, म्हणून तो कोसळला. मग ६४ बिटची घेऊन ३२ बिट प्रोग्रॅमच्या बगलेत दिली, म्हणून तोही कोसळला. ०एक्ससी०००००७बी चा अर्थ बहुतेक वेळा हाच: फाईल आहे, पण जात वेगळी. एका प्रोसेसमध्ये ३२ आणि ६४ बिटचा कोड एकत्र नांदत नाही.

एसएफसी खोटं बोललं नाही. ते फक्त विंडोजच्या स्वतःच्या फायली तपासतं. ही व्हिज्युअल सी++ २०१० ची फाईल, त्याच्या खातेवहीत तिची नोंदच नाही.

आता हे करा, याच क्रमाने:

१. प्रोग्रॅमच्या फोल्डरमध्ये टाकलेली फाईल उडवा.
२. सिस्टम३२ मध्ये जी तुम्ही रिप्लेस केलीत ती उडवा. फक्त तीच. शेजारच्या कशाला हात लावू नका.
३. मायक्रोसॉफ्टच्या साइटवरून व्हिज्युअल सी++ २०१० एसपी१ रीडिस्ट्रिब्युटेबल, म्हणजे प्रोग्रॅमांना लागणाऱ्या सामाईक फायलींचा संच, उतरवा. एक्स८६ म्हणजे ३२ बिट आणि एक्स६४, दोन्ही.
४. आधी एक्स८६ टाका. मग एक्स६४ चालवा. ते आधीच टाकलेलं असल्यामुळे रिपेअर की अनइन्स्टॉल विचारेल, रिपेअर म्हणा. स्कॅनरची फाईल जागेवर येईल.
५. डिफेंडरचा, म्हणजे विंडोजच्या अँटिव्हायरसचा, पूर्ण स्कॅन लावून झोपा. त्या साइटवरून अजून काय काय आलंय कुणास ठाऊक.

आणि एक प्रश्न. प्रोग्रॅम नव्या मशीनवर 'घेतला' म्हणजे नेमका कसा घेतला? इन्स्टॉल केला, की जुन्या हार्ड डिस्कवरचं फोल्डर उचलून आणलं?

---

अण्णा_बँकवाले | बुधवार, सकाळी ६:४०

सुप्रभात. पंत, तुम्ही फार छान सांगता, पण आमची गाडी पहिल्याच स्टेशनवर अडली. डीएलएल म्हणजे काय? आणि प्रोग्रॅमला लागणारी फाईल प्रोग्रॅमवाल्याने स्वतःच का दिलेली नसते? निवृत्त माणसाला समजेल असं कुणी सांगेल का?

---

माजघर | बुधवार, सकाळी ९:१२

अण्णा, मी सांगते. आमच्या आळीत गणपती मंडळाची सामाईक भांडी होती. शंभर माणसांच्या भाताचं पातेलं, दोन कढया, झारे, पराती. कुणाकडे लग्न-मुंज असली की मंडळातून आणायची, काम झालं की घासून परत. प्रत्येक घराने शंभर माणसांचं पातेलं विकत घ्यायचं म्हटलं तर पैसे जाणार आणि ते ठेवायलाही जागा नाही.

डीएलएल म्हणजे ते पातेलं. डायनॅमिक लिंक लायब्ररी. वर्गमूळ काढणं, अक्षरं जोडणं, फाईल उघडणं, अशी कामं शेकडो प्रोग्रॅमांना लागतात. ती एकदाच लिहून एका फाईलमध्ये ठेवली आणि सगळ्यांनी वापरली.

आता आचारी तुमच्याकडे आला, चूल पेटवली आणि म्हणाला पातेलं कुठाय? पातेलं नाही. आचारी काही भात ओंजळीत शिजवत नाही, तो पाय आपटून निघून जातो. ती चौकट म्हणजे आचाऱ्याचं पाय आपटणं.

---

सीपंत | बुधवार, सकाळी ९:४०

माजघर, हे मी चोरणार आहे. पुढच्या बॅचला शिकवताना वापरीन.

अण्णा, 'स्वतःच का देत नाही' हा प्रश्न रास्त आहे. त्याचं मूळ मेमरीत. १९८५ साली विंडोजची पहिली आवृत्ती आली तेव्हा तिची मागणी होती २५६ केबी मेमरी. आज मोबाइलवरचा एक फोटो त्याच्या दहापट असतो. तेवढ्या जागेत एकच कोड प्रत्येक प्रोग्रॅमने आपापल्या पोटात घेऊन फिरणं परवडणारं नव्हतं. एकदा मेमरीत आणायचा, सगळ्यांनी तोच वापरायचा.

दुसरा फायदा दुरुस्तीचा. सामाईक फाईल एकदा सुधारली की ती वापरणारे सगळे प्रोग्रॅम सुधारतात.

आणि भांडणंही त्यातूनच. नव्वदच्या दशकात एखादा प्रोग्रॅम इन्स्टॉल करताना तो सामाईक फाईलवर स्वतःची आवृत्ती बिनदिक्कत ठेवून द्यायचा, कधी जुनी, कधी नवी. हा प्रोग्रॅम चालला की तो बंद. माजघरांच्या भाषेत, कुणीतरी मंडळाचं पातेलं नेलं आणि परत करताना त्याच नावाचं पण लहान पातेलं आणून ठेवलं. या प्रकाराला आमच्या धंद्यात डीएलएल हेल म्हणतात, डीएलएलचा नरक. विंडोज २००० मध्ये सिस्टमच्या फायलींवर पहारा बसला. एक्सपीत, म्हणजे २००१ साली, एकाच डीएलएलच्या अनेक आवृत्त्या शेजारीशेजारी नांदवायची सोय आली. ते विनएसएक्सएस फोल्डर दिसतं ना, लोक जागा रिकामी करायला उडवायला जातात, ते हेच. त्याला हात लावू नका.

---

शुद्धलेखन_पोलीस | बुधवार, सकाळी १०:०५

लायब्ररीला मराठी शब्द नाही का? 'सामायिक ग्रंथालय'?

---

माजघर | बुधवार, सकाळी १०:११

ग्रंथालय म्हटलं की मला वर्गणी थकलेली आठवते. भांडार म्हणा हवं तर.

---

शुद्धलेखन_पोलीस | बुधवार, सकाळी १०:१४

भांड्यांचं भांडार. मान्य.

---

हार्डवेअरवाला_लातूर | बुधवार, दुपारी १२:३०

पंत, तुमचं बरोबर आहे, पण आमच्या काउंटरवर या एकदा. गिऱ्हाईक उभ्याने म्हणतं, दहा मिनिटांत करा, बाहेर गाडी लावलीय. दहा मिनिटांत कोण फाईलचं कूळ शोधतं? मी एक पेनड्राइव्ह करून ठेवलाय, त्यात व्हिज्युअल सी++ चे सगळे संच आहेत, २००५ पासून आतापर्यंतचे, दोन्ही बिटचे. आलं मशीन की सगळे एकापाठोपाठ टाकतो. निम्म्याहून जास्त तक्रारी तिथेच संपतात. एकमेकांना धक्काही लावत नाहीत.

पण आमच्याकडे जास्त त्रास वेगळ्याच फाईलचा. अडत दुकानं, कृषी सेवा केंद्रं, मेडिकल. वीस वर्षांपूर्वी गावातल्याच कुणीतरी व्हीबी६ मध्ये (व्हिज्युअल बेसिक ६, जुनी प्रोग्रॅमिंग भाषा) बिलिंगचा प्रोग्रॅम लिहून दिलेला. लिहिणारा आता कुठे आहे माहीत नाही, प्रोग्रॅम मात्र रोज चालतो. मशीन बदललं की चौकट: एमएसकॉमसीटीएल.ओसीएक्स नीट रजिस्टर झालेलं नाही. त्यासाठी व्हिज्युअल सी++ चे हजार संच टाकले तरी उपयोग नाही.

ओसीएक्स हा डीएलएलचाच चुलतभाऊ. जुन्या मशीनच्या सिसवॉव६४ मधून घ्यायचं (जुनं ३२ बिट विंडोज असेल तर सिस्टम३२ मधून), नव्याच्या सिसवॉव६४ मध्ये ठेवायचं, मग अ‍ॅडमिनिस्ट्रेटर म्हणून कमांड प्रॉम्प्ट उघडून सिसवॉव६४ मध्ये जायचं आणि रेगएसव्हीआर३२, जागा, फाईलचं नाव. 'सक्सीडेड' आलं की चहा. हे टंकायचं इंग्रजीतच, मी इथे मोबाइलवरून लिहितोय म्हणून देवनागरी.

---

सीपंत | बुधवार, दुपारी १:१०

पेनड्राइव्हची कल्पना उत्तम, मागे घेतो काय बोललो ते. फक्त त्यातला २०१५ नंतरचा संच अधूनमधून नवा उतरवत जा.

रेगएसव्हीआर३२ बद्दल एक जोडतो, कारण नेटवर प्रत्येक डीएलएलला तेच औषध सांगतात. ते फक्त कॉम प्रकारच्या डीएलएल-ओसीएक्सना चालतं, ज्यांना रजिस्ट्रीत, म्हणजे विंडोजच्या नोंदवहीत, नाव नोंदवावं लागतं. एमएसव्हीसीआर१०० ला ते चालवलंत तर 'एंट्री पॉइंट सापडला नाही' म्हणेल आणि माणसाला वाटेल अजून काहीतरी मोडलं.

लिहायला बसलोच आहे तर कुळं सांगून टाकतो. फाईलच्या नावावरून घराणं ओळखता येतं:

एमएसव्हीसीआर किंवा एमएसव्हीसीपी, आणि पुढे ९० असेल तर व्हिज्युअल सी++ २००८, १०० तर २०१०, ११० तर २०१२, १२० तर २०१३. मग थेट १४०. तेराचा आकडा त्यांनीही गाळला. १४० पासून चांगली गोष्ट झाली: २०१५, २०१७, २०१९, २०२२ या सगळ्यांचा संच एकच. व्हीसीरनटाइम१४० किंवा एमएसव्हीसीपी१४० नाही म्हणाला की तो एक संच टाकायचा. व्हीसीरनटाइम१४०_१ म्हणाला तर संच आहे पण जुना, २०१९ च्या आधीचा, नवा टाका.

एपीआय-एमएस-विन-सीआरटी अशी लांबलचक नावं आली तर मशीन बहुधा विंडोज ७ किंवा ८ आहे. तो भाग विंडोज १० पासून आतच येतो. ७ साठी केबी२९९९२२६ हे अपडेट लागतं. त्या नावाच्या फायली एकेक करून शोधू नका, बऱ्याच निघतील.

विंडोजची स्वतःची फाईल गेली असेल, तरच डिझम (विंडोजचंच दुरुस्तीचं हत्यार) आणि एसएफसी. आधी डिझमचं रिस्टोअरहेल्थ, मग एसएफसी. कारण एसएफसी ज्या साठ्यातून चांगली प्रत काढतं, तो साठाच डिझम दुरुस्त करतं. साठाच नासलेला असेल तर एसएफसी चांगली प्रत कुठून आणणार?

---

अण्णा_बँकवाले | बुधवार, दुपारी ४:०२

माजघर, पातेलं समजलं. आता माझीच केस. नातू सुट्टीला आलाय. त्याने त्याचा कुठलासा खेळ माझ्या कॉम्प्युटरवर टाकला. म्हणतो डी३डीएक्स९_४३.डीएलएल नाही. मी डीएक्सडायग चालवून पाहिलं (हे मला येतं), तर डायरेक्टएक्स १२ आहे म्हणे. बारा असताना नऊ का मागतो? पदवीधराकडे सातवीचं प्रगतिपुस्तक मागितल्यासारखं झालं.

---

सीपंत | बुधवार, दुपारी ४:३०

अण्णा, उपमा झकास, फक्त तो खरंच सातवीचं प्रगतिपुस्तकच मागतोय. डायरेक्टएक्स ९ च्या काळात मदतनीस डीएलएल निघत गेल्या, डी३डीएक्स९_२४ पासून ४३ पर्यंत. प्रत्येक खेळ आपल्या काळची नेमकी मागतो, ४२ ने ४३ ची भूक भागत नाही. त्या विंडोज १० किंवा ११ मध्ये येत नाहीत. मायक्रोसॉफ्टचा जून २०१० चा डायरेक्टएक्स एंड-यूजर रनटाइम टाका, सगळ्या एकदम येतील. तुमच्या १२ ला त्याने काही होत नाही.

---

अण्णा_बँकवाले | बुधवार, सायंकाळी ६:१५

झालं! ती चौकट गेली. आता दुसरी फाईल मागतोय. नातू म्हणतो सकाळी ती होती, त्याने स्वतः पाहिली. डिफेंडरने मध्येच कोपऱ्यात काहीतरी लाल दाखवलं होतं. खेळ मित्राकडून पेनड्राइव्हवर आणलाय, त्यासोबत 'क्रॅक' नावाचं फोल्डर होतं, ते त्याने सांगितल्याप्रमाणे पेस्ट केलं. हे क्रॅक म्हणजे काय असतं?

---

माजघर | बुधवार, सायंकाळी ६:१८

अण्णा 🙏

---

सीपंत | बुधवार, सायंकाळी ६:३३

अण्णा, ती फाईल हरवलेली नाही, पकडली गेलीय. खेळाची परवाना तपासणारी डीएलएल काढून तिच्या जागी कुणीतरी बदललेली ठेवलीय, आणि डिफेंडरने तिला कोठडीत टाकलंय. विंडोज सिक्युरिटीमध्ये प्रोटेक्शन हिस्टरी उघडा, तिथे नोंद दिसेल.

नेटवर सांगतील 'अँटिव्हायरस बंद करून परत टाका'. तुम्ही त्याच मशीनवरून नेटबँकिंग करता ना? मग तो खेळ काढून टाका. नातवाला विकत घेऊन द्या, जुने खेळ आता स्वस्तात मिळतात.

हे उलटंही होतं, हे मात्र सांगायला हवं. साध्यासरळ, लहान कंपनीच्या प्रोग्रॅमची फाईलही अँटिव्हायरस कधीकधी उचलतो. म्हणून 'काल चालत होतं, आज फाईल नाही' अशी तक्रार असेल तर सगळ्यात आधी तिथेच बघायचं.

---

थर्ड_इयर_मेक | बुधवार, रात्री ९:५०

धागा हायजॅक करतोय, माफी. पायथॉनमध्ये ओपनसीव्ही (चित्रं-व्हिडिओ हाताळायची लायब्ररी) इम्पोर्ट करताना 'डीएलएल लोड फेल्ड व्हाइल इम्पोर्टिंग सीव्ही२, स्पेसिफाइड मॉड्यूल सापडलं नाही'. पण सीव्ही२ ची फाईल तर जागेवर आहे! मी डोळ्यांनी बघतोय. व्हिज्युअल सी++ चा नवा संच पण टाकला. सबमिशन शुक्रवारी.

---

सीपंत | बुधवार, रात्री १०:१५

ही चौकट सगळ्यात लबाड. नाव सांगते एकीचं आणि गायब असते दुसरीच. सीव्ही२ सापडली, पण तिला लागणारी पुढची फाईल सापडली नाही, आणि ती कोण ते सांगायचं सौजन्य नाही. डीएलएललाही डीएलएल लागतात.

सेटिंग्जमध्ये सिस्टम, अबाउट. विंडोजच्या नावापुढे 'एन' हे अक्षर आहे का?

---

थर्ड_इयर_मेक | बुधवार, रात्री १०:२१

हो!! 'विंडोज ११ प्रो एन'. सीनिअरने टाकून दिलं होतं. तुम्हाला कसं कळलं?

---

सीपंत | बुधवार, रात्री १०:२८

एन आवृत्ती युरोपातल्या स्पर्धा कायद्याच्या निकालामुळे निघाली, तिच्यात मीडिया प्लेअर आणि त्याच्या बरोबरच्या फायली नसतात. ओपनसीव्हीला व्हिडिओसाठी त्याच लागतात. सेटिंग्जमधल्या ऑप्शनल फीचर्समधून मीडिया फीचर पॅक टाक, मशीन रीस्टार्ट कर.

पुढे असं झालं तर 'डिपेन्डन्सीज' नावाचं मुक्तस्रोत हत्यार आहे. त्यात डीएलएल उघडली की तिचा वंशवृक्ष दिसतो आणि जी सापडत नाही ती ठळक दिसते. आमच्या वेळी डिपेन्डन्सी वॉकर होता, आता तो नव्या विंडोजवर भलत्याच फायली बेपत्ता दाखवतो, त्याच्या नादी लागू नकोस.

---

थर्ड_इयर_मेक | बुधवार, रात्री १०:५१

चाललं. पंत, तुमचा फोटो लावतो हॉस्टेलच्या भिंतीवर.

---

टर्मिनलताई | गुरुवार, सकाळी ८:२०

सगळे विंडोजचंच बोलताय, म्हणून लिनक्सकडून हजेरी. 'आमच्याकडे असलं काही नसतं' असं म्हणणारे लिनक्सवाले खोटं बोलतात. आमच्याकडे डीएलएलच्या जागी .एसओ असते, शेअर्ड ऑब्जेक्ट, आणि हरवते तीही.

माझी गोष्ट. डिजिटल सहीच्या टोकनचा एक प्रोग्रॅम, बनवणाऱ्याचं नाव घेत नाही. उबुंटू २२.०४ वर गेले आणि तो म्हणायला लागला: लिबएसएसएल.एसओ.१.१ उघडता येत नाही, अशी फाईल नाही. मशीनवर लिबएसएसएल.एसओ.३ होती, कारण २२.०४ मध्ये ओपनएसएसएल ३ आलं. नेटवरचा पहिला सल्ला: ३ ला १.१ नावाची सिमलिंक करा, म्हणजे त्याच फाईलकडे बोट दाखवणारं दुसरं नाव द्या. मीही केली. प्रोग्रॅम एक पाऊल पुढे गेला आणि 'आवृत्ती सापडली नाही' म्हणून पडला.

नावातला तो आकडा शोभेला नसतो. आधीच्या आवृत्तीसाठी लिहिलेला प्रोग्रॅम नवीवर चालणार नाही इतका बदल झाला की लायब्ररी लिहिणारे आकडा बदलतात. ३ ला १.१ नाव देणं म्हणजे तांदळाच्या डब्यावर साखरेची चिठ्ठी लावणं. चहा काही गोड होत नाही.

शेवटी १.१ च्या फायली प्रोग्रॅमच्याच फोल्डरमध्ये ठेवल्या आणि फक्त त्याला सुरू करणाऱ्या स्क्रिप्टमध्ये एलडी_लायब्ररी_पाथ, म्हणजे लायब्ररी कुठे शोधायची तो पत्ता, दिला. सगळ्या सिस्टमला ती जुनी लायब्ररी दिली नाही, कारण ओपनएसएसएल १.१.१ ची सुरक्षा दुरुस्ती सप्टेंबर २०२३ मध्ये थांबलीय. सही झाली की प्रोग्रॅम बंद. हे कायमचं उत्तर नाही, मला माहीत आहे.

बाकी कृती सोपी. एलडीडी आणि प्रोग्रॅमचा पत्ता दिला की यादी येते, जिच्यापुढे 'नॉट फाउंड' ती गायब. एपीटी-फाईल सर्चला तिचं नाव दिलं की कुठल्या पॅकेजमध्ये आहे ते कळतं. ते पॅकेज टाकायचं. अनोळखी फाईलवर मात्र एलडीडी चालवू नका, त्याच्या ओघात ती फाईलच चालू शकते.

आणि पंतांनी दुरुस्तीचा फायदा सांगितला, त्याचं उदाहरण: एप्रिल २०१४ मधलं हार्टब्लीड. ओपनएसएसएलमध्ये भोक सापडलं, तेव्हा आम्ही एक पॅकेज बदललं, सर्व्हिसेस रीस्टार्ट केल्या आणि ते वापरणारा प्रत्येक प्रोग्रॅम दुरुस्त. ज्यांनी लायब्ररी आपापल्या पोटात भरून ठेवली होती, ते एकेक करत बसले.

---

डेट्रॉइटकर | गुरुवार, सकाळी ८:४४

मॅकवाल्यांसाठी दोन ओळी. इथे त्याला डायलिब म्हणतात, चौकट 'लायब्ररी नॉट लोडेड'. होमब्रूने (मॅकवर प्रोग्रॅम टाकायचं हत्यार) एखादी लायब्ररी नव्या आवृत्तीवर नेली की तिच्यावर बसलेला जुना प्रोग्रॅम पडतो, तो प्रोग्रॅम रीइन्स्टॉल करा. आणि बिग सर, म्हणजे २०२० पासून, सिस्टमच्या डायलिब डिस्कवर सुट्या फायली म्हणून दिसतच नाहीत, एका मोठ्या गाठोड्यात असतात. त्या 'हरवल्या' म्हणून शोधत बसू नका. मी एक रविवार घालवलाय.

---

जुळारी | गुरुवार, दुपारी २:३५

उशीर झाला, क्षमस्व, पत्रिकेच्या गडबडीत होतो. क्रमाने सांगतो.

पंतांच्या पाच पायऱ्या मंगळवारी रात्रीच केल्या. एक्स६४ ने खरंच रिपेअर विचारलं. स्कॅनर सुरू! पत्रिकेचा प्रोग्रॅमही उघडला. रात्री साडेबाराला बायकोला उठवून दाखवला, तिने काय म्हटलं ते इथे लिहीत नाही. डिफेंडरने त्या साइटच्या 'डाउनलोडर'ला पकडलं, तो उडवला.

पण उघडल्यावर फॉन्टची यादी रिकामी. आमचा सगळा मजकूर युनिकोडच्या आधीच्या फॉन्टमध्ये आहे. बारा-तेरा वर्षांच्या पत्रिका, कार्यअहवाल, श्रद्धांजलीचे मजकूर, सगळं त्याच जुळणीत. फॉन्ट नाही तर 'श्री गणेशाय नमः' च्या जागी कंस आणि टक्के दिसतात. नवीन प्रोग्रॅम का घेत नाही असं विचाराल, म्हणून सांगितलं.

आता पंतांचा प्रश्न, जो मी टाळला होता. हो, फोल्डर उचलून आणलं. नव्या कॉम्प्युटरला सीडी ड्राइव्हच नाही, मग जुन्या हार्ड डिस्कच्या प्रोग्रॅम फाइल्समधलं फोल्डर कॉपी-पेस्ट केलं. आयकॉन दिसला, मला वाटलं आला प्रोग्रॅम.

---

सीपंत | गुरुवार, दुपारी २:५०

तरीच. आचारी आणलात, पातेली मंडळातच राहिली. इन्स्टॉलर फक्त फोल्डर ठेवत नाही. व्हिज्युअल सी++ टाकतो, फॉन्ट नोंदवतो, रजिस्ट्रीत ओळी लिहितो. कॉपी-पेस्टमध्ये यातलं काहीच येत नाही. सीडी आहे का अजून?

---

जुळारी | गुरुवार, रात्री ९:१५

आहे. ड्रॉवरमध्ये, रबर स्टॅम्पच्या डब्याखाली. शेजारच्या फोटो स्टुडिओतून यूएसबीवाला सीडी ड्राइव्ह आणला. सीडीला एक ओरखडा आहे, दोनदा घरघरली, मग उघडली. आत दोन गोष्टी: सेटअप, आणि 'रीडिस्ट' नावाचं फोल्डर. त्यात एकच फाईल, व्हीसीरीडिस्ट_एक्स८६.

कॉपी केलेलं फोल्डर उडवून सेटअपने नीट इन्स्टॉल केलं, फॉन्ट आले. परवाची, म्हणजे आता आजची, पत्रिका मशीनवर चढलीय, हे लिहितोय तोवर छपाई चालू आहे.

सीडीच्या पाकिटावर, २०१२ मध्ये प्रोग्रॅम टाकायला आलेल्या पोऱ्याच्या अक्षरात, निळ्या मार्करने लिहिलेलं आहे: 'आधी आतलं रीडिस्ट टाकणे, मग सेटअप.'

---

हार्डवेअरवाला_लातूर | गुरुवार, रात्री ९:२२

ओरखडा आहे म्हणताय. ड्राइव्ह परत करायच्या आधी सीडीची कॉपी काढा. आत्ताच्या आत्ता.

---

जुळारी | गुरुवार, रात्री ९:४०

काढली. दोन. आणि पाकिटाचा फोटोपण ठेवलाय त्याच फोल्डरमध्ये.